अक्का, आपलं भांडण मिटलेलं नाही

अक्का,

रविवारी तुझं पुण्यानुमोदन झालं. दारात मंडप, मेणबत्त्या, तुझा तो डोळे मोठ्ठे केलेला फोटो. त्रिसरण-पंचशील झालं आणि मग लोक एकेक करून तुझ्याबद्दल बोलायला उठले. एक जण म्हणाले, शांत स्वभावाच्या होत्या. एक बाई म्हणाल्या, उभ्या जन्मात कुणाला वाकडा शब्द बोलल्या नाहीत. मी पहिल्या रांगेत पदरात तोंड खुपसून बसले होते. सगळ्यांना वाटलं, धाकटी बहीण रडतेय. खरं सांगते, मला हसू आवरत नव्हतं. तू आणि शांत! माझं अर्धं आयुष्य तुझ्याशी भांडण्यात गेलं.

मला बोलायला सांगितलं तेव्हा मी मान हलवून नाही म्हटलं. मला जे बोलायचं होतं ते चारचौघांत बोलण्यासारखं नव्हतं. मला तुझा संशय येतोय, अक्का. गेलेल्या माणसावर संशय घेऊ नये हे मलाही कळतं. पण तू मला ओळखतेस. दौंडच्या तिकीट खिडकीत बसून माझा स्वभावच तसा झालाय. समोरचा माणूस ‘पुण्याचं एक’ म्हणाला तरी मी आधी त्याच्या तोंडाकडे बघते, मग हात पुढे करते.

संशय असा आहे. शेवटच्या भेटीत तू भांडण मिटवलंस. जिनं जन्मात माघार घेतली नाही ती तू, माझ्या हातात कपबशी देत म्हणालीस, ‘तुझंच खरं.’ आणि पुढचा बुधवार यायच्या आत तू गेलीस. डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं. पडलं असेल. पण ह्या दोन गोष्टी एकीमागे एक आपोआप घडल्या, हे मला पटत नाही. कुठंतरी पाणी मुरतंय.

आपलं भांडण कशावरून होतं हे तिसऱ्याला सांगितलं तर तो म्हणेल, यात भांडण्यासारखं काय आहे? अण्णा रेल्वेत नोकरीवर असतानाच आजारानं गेले. अनुकंपावर घरातल्या एकाला नोकरी लागणार होती. थोरली तू. तू हुशार, तू धीट, हिशेबाला पक्की. सगळ्या कॉलनीनं गृहीतच धरलं होतं की आता ही नोकरीला लागणार. आणि एका सकाळी स्टोव्हला पिन मारता मारता, मान वर न करता तू आईला म्हणालीस, “मला न्हाई करायची नोकरी. शोभीला लावा.” आई थक्क झाली. मी तर तेव्हा इतकी भित्री होते की दुकानातून साखर आणायला सांगितलं तरी तुला बरोबर घेऊन जायचे. थोड्याच दिवसांत तू घोडकाठच्या स्थळाला होकार दिलास आणि शिरूर तालुक्यात शेतकऱ्याची बायको होऊन गेलीस. मी खिडकीत बसले. क्वार्टर आपल्याकडेच राहिलं, आई शेवटपर्यंत स्वतःच्या नळाचं पाणी प्याली, आणि मी माणसात आले.

मी म्हणायचे, “तू माझ्यासाठी नोकरी सोडलीस.” तू म्हणायचीस, “मलाच नगं व्हती. तुझ्यासाठी कशापायी सोडीन? एवढी कोण लागून गेलीस तू?” झालं, एवढंच भांडण. मला तुझे आभार मानायचे होते आणि तू मानू देत नव्हतीस. आभाराचा विषय काढला की तू असं काही बोलायचीस की मी तणतणतच स्कूटीला किक मारायचे.

बुधवारी माझी सुट्टी. भीमेचा पूल ओलांडून, उसातल्या रस्त्यानं मी तुझ्याकडे यायचे. दाजींनी किती हौसेनं घर बांधलेलं, नवी फरशी, पंखे, सोफा. पण तू मला कधी घरात टेकू दिलं नाहीस. पाणी पिऊन होत नाही तोवर डोक्यावर पदर घेऊन तयार. “चल, वट्यावर बसू.” मे महिन्याच्या उन्हातसुद्धा! शेताच्या टोकाला, घोड नदीच्या दरडीवर, बाभळीखाली तो दगडमातीचा ओटा. शेणानं सारवलेला. एका अंगाला तीन दगडांची चूल, दुसऱ्या अंगाला रोवलेली एक काठी. त्यापलीकडे नदीकडे उतरणारी पांढरी माती, इनामगावला हजारो वर्षांपूर्वीची घरं जिच्यात सापडली तसलीच. तिथं पाऊल टाकायचं नाही, असा तुझा दम. का, तर बिबट्या आहे. आपल्याकडे बिबट्याचं नाव काढलं की कुणी पुढचा प्रश्न विचारत नाही. मीही बरीच वर्षं विचारला नाही.

पण बघत होते. वट्यावर कायम कुणीतरी असायचंच. आपण उठलो की दुसरं कुणी येऊन बसायचं, आणि ते आल्याशिवाय तू उठायची नाहीस. आप्पा असायचे, पलीकडच्या वस्तीवरचे. त्यांच्या आजोबांपर्यंत मेंढरं होती, आता ऊस आहे, पण काठी आणि खांद्यावरचं घोंगडं सुटलेलं नाही. कधी कुरकुंभच्या केमिकल कंपनीतला संतोष असायचा. तो सकाळी कंपनीतून सुटला की थेट तिथं येऊन तोंडावर रुमाल टाकून घोरायचा. आणि गुऱ्हाळावरचा तो उत्तर प्रदेशातला माणूस, तो तिथूनच घरी फोन लावून बायकोवर हिंदीत खेकसायचा. एवढं पसरलेलं शिवार सोडून ह्या सगळ्यांना हाच एक वटा सापडावा? मी आधी म्हटलं, रिकामटेकडी माणसं. मग म्हटलं, दारू असेल. मग वाटलं, रात्रीची वाळू काढत असतील आणि माझी बहीण त्यांना सामील असेल. दाजींना विचारलं. ते म्हणाले, “आमची आईबी तिथंच बसायची. मी काय कधी इचारलं न्हाई.” ज्या नवऱ्यानं एवढ्या वर्षांत विचारलं नाही त्याचाही मला संशय आला.

आणखी एक गोष्ट मला खटकायची. भांडण अगदी रंगात आलं, माझ्या तोंडावर शेवटचं, तुला गप्प करणारं वाक्य आलं, की तू नेमकी चुलीतलं लाकूड बाहेर ओढायचीस. “बास. उरल्यालं पुढल्या बुधवारी.” कधीच, कधी म्हणजे कधीच तू मला ते वाक्य बोलू दिलं नाहीस. मी आठवडाभर खिडकीत ते वाक्य घोळवत बसायचे. एकदा एका प्रवाशाला म्हटलं, “खोटारडी कुठली!” तो बिचारा बारामतीचं तिकीट मागत होता.

मग ते शेळीचं प्रकरण झालं. तुझी काळी बांडी शेळी सुटून त्या पांढऱ्या मातीवर गेली आणि दिसेनाशी झाली. लपायला तिथं झुडूपही नव्हतं. मी ह्या डोळ्यांनी पाहिलं. चार पावलं गेली आणि पाचव्याला नव्हती. गावात सांगितलं, बिबट्यानं नेली. पुढच्या बुधवारी मी आले तर शेळी दावणीला बांधलेली. तिच्यापुढं घास टाकला तर तिनं घासाकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. तोंड लावलं नाही. घास हा खायचा असतो हेच तिला माहीत नव्हतं. आणि अक्का, उन्हं पश्चिमेला कललेली, आपल्या दोघींच्या सावल्या पूर्वेकडे, आणि शेळीची सावली सूर्याकडे पडलेली. उपाशी राहून ती मेली तोवर तू दुसऱ्या कुणाला गोठ्यात शिरू दिलं नाहीस. त्या दिवशी मी तुझा हात धरून म्हटलं, आता खरं सांग, नाहीतर मी पुन्हा येणार नाही.

तू आप्पांकडे पाहिलंस. आप्पा म्हणाले, “सांगा. बघितलंय त्यांनी.”

मग तू सांगितलंस. किती साधेपणानं सांगितलंस! कपडा पडून राहिला की घडीवर विरतो, तशी जागा वापरात राहिली नाही की विरते. तिला फट पडते. पलीकडं दुसरं जग आहे, ह्याच्यासारखंच, पण आपलं नव्हे. इकडचं तिकडं जातं आणि तिकडचं इकडं येतं, आणि आलेलं अगदी आपल्यासारखंच दिसतं. सगळ्या रिकाम्या जागा फाटत नाहीत. जिथं माणसं फार काळ राहिली, रांधली, भांडली, आणि एका फटक्यात उठून गेली, तिथं फाटतं. म्हणून त्या पांढरीवर. इलाज एकच, जागा वापरात ठेवायची. वहिवाट मोडू द्यायची नाही. ज्यांच्याकडं हे काम ते वहिवाटदार. किती आहेत, आणखी कुठं कुठं बसतात, ते तुलाही माहीत नव्हतं, किंवा तू मला सांगितलं नाहीस. काठीची सावली सरळ, म्हणजे उन्हाच्या बरोबर उलट्या अंगाला आहे तोवर फट मिटलेली. सावली कलायला लागली की जवळ सरकायचं, चूल पेटवायची, मोठ्यानं बोलायचं.

“आणि झोपलं तरी चालतं?” मी संतोषकडे बोट दाखवलं.

“घोरलं तर चालतं,” तू म्हणालीस. “पर सगळ्यात भारी भांडान. चहानं घटकाभर निभतं. भांडान अर्ध्यात सोडलं तर आठवडाभर जागा धरून राहतं. मान्सं उठून गेली तरी भांडान तिथंच बसल्यालं असतं.”

आप्पांनी तेव्हा त्यांच्या थोरल्या भावाचं सांगितलं. मेंढरामागं पांढरीवर गेला आणि संध्याकाळी परत आला. जो आला तो दाराशी उभा राहिला, त्याला उंबरा ओलांडायचा असतो हे माहीत नव्हतं. त्यांच्या आईनं त्याला पाहिलं आणि म्हणाली, हा माझा न्हाई. आप्पा हे सांगताना काठीकडे बघत होते. त्यांचा आवाज जराही हलला नाही, आणि त्यामुळेच मला ते खरं वाटलं.

तरी मी अण्णांची मुलगी. अण्णांनी आपल्याला लहानपणापासून सांगितलं, कुणी कितीही मोठा असो, तो सांगतो म्हणून मानायचं नाही, तपासून घ्यायचं. मी तुला तेच म्हटलं. तू म्हणालीस, “मंग तपास की. हितं कुठं अंगारा वाटत्यात? ऊन हाय, काठी हाय, बघ.” मी कितीतरी बुधवार काठीवर डोळा ठेवून बसले. एकदा आप्पा आणि तू मुद्दाम गप्प बसलात, मला दाखवायला. चहाही ठेवला नाही. काठीची सावली हळूच, वाऱ्यानं पडदा सरकावा तशी, पांढरीकडे वळली. तू लगेच माझ्याकडे वळून म्हणालीस, “शोभे, ह्या साडीत तू भोपळ्यावानी दिसतीस.” मी उसळले. सावली जागेवर आली.

त्यावर मी आधी पोट धरून हसले. आणि स्कूटीवर घरी जाताना, पुलावर, माझं हसू गेलं. कारण माझ्या संशयी डोक्यात तो प्रश्न शिरला, तो आजतागायत निघालेला नाही. मग आपलं भांडण कुणाचं होतं? माझ्याशी भांडलीस ती माझी बहीण म्हणून, की त्या पांढरीला एक चांगलं टिकाऊ भांडण हवं होतं म्हणून? तू मला आभार मानू दिले नाहीस ते खरंच तुला नको होते म्हणून, की मानले असते तर वट्यावर बोलायला काही उरलं नसतं म्हणून?

मी विचारलंही. तू माझ्या डोक्याला तेल लावत होतीस, वट्यावरच. म्हणालीस, “येडी हायस. चूल पेटवायला लाकूड लागतं, ते आपल्याच झाडाचं आसलं म्हून ते झाड नसतं व्हय?” आणि माझी मान अशी खसकन पुढं ओढलीस की डोळ्यांत पाणी आलं. मला ते उत्तर आवडलं होतं. आज तपासायला घेतलं तर त्यातही पळवाट दिसते.

आणि ती तुझ्या सासूबाईंची गोष्ट. तू ती नेहमी हसवायला सांगायचीस. तुला बघायला आल्या तेव्हा त्यांनी स्वयंपाक येतो का, शिवण येतं का, काही विचारलं नाही. पोह्यांची बशी बाजूला ठेवून म्हणाल्या, “पोरी, भांडता येतं का?” तू म्हणालीस, “समोर कोण हाय त्याच्यावर हाय.” त्यांनी तिथंच सुपारी फोडा म्हणून सांगितलं. किती हसलोय आपण त्याच्यावर. रविवारी मंडपात बसल्या बसल्या माझ्या डोक्यात लख्खकन आलं की त्या बघायला आल्या होत्या ते अण्णा गेल्यामागोमाग, तू नोकरी नको म्हणायच्या आधी. म्हणजे तुला आधीच विचारलं होतं का, अक्का? वट्यासाठी? नोकरी तू तुझ्यासाठीही सोडली नाहीस आणि माझ्यासाठीही नाही, त्या पांढरीसाठी सोडलीस का? मग इतकी वर्षं आपण दोघी जे दोन बाजूंनी बोलत होतो त्यातलं एकही खरं नव्हतं का?

आता त्या शेवटच्या बुधवारचं बोलते. ते टाळत होते.

तू थकलेली दिसत होतीस. हळद फासल्यासारखा पिवळा चेहरा. मी म्हटलं, दवाखान्यात चल. तू म्हणालीस, हो जाऊ. तिथंच मला शंका यायला हवी होती, कारण तू दवाखान्याला कधी हो म्हणत नाहीस. आप्पा नव्हते, संतोषची सकाळची पाळी होती, आपण दोघीच. बोलता बोलता मी नेहमीसारखं म्हटलं, “काही म्हण, तू माझ्यासाठीच सोडलीस ती नोकरी.” आणि तुझ्या नेहमीच्या ‘एवढी कोण लागून गेलीस’साठी कंबर कसून बसले.

तू कपात चहा ओतलास. बशी पुसलीस. माझ्या हातात दिलीस आणि म्हणालीस, “व्हय गं. तुझ्यासाठीच सोडली. तुझंच खरं.”

मग माझ्या डोक्यावर हात ठेवलास.

अक्का, इतक्या वर्षांत जे ऐकायला मी तो रस्ता झिजवला ते तू बोललीस, आणि मला काय वाटलं सांगू? कुणीतरी पायाखालचा पाट ओढून घ्यावा तसं वाटलं. आभार मानायचे होते, ते मला मानता आले नाहीत. मी म्हटलं, “बरं.” नुसतं बरं! चहा प्यायले. तू म्हणालीस, आता जा, अंधार पडंल. ‘उरल्यालं पुढल्या बुधवारी’ म्हणाली नाहीस. उरलंच नव्हतं काही. निघताना मी काठीकडे पाहिलं नाही. भांडण जिंकल्यावर माणूस इतकं एकटं पडतं हे मला ठाऊक नव्हतं.

तू गेल्याचा फोन आला तो सोमवारी दुपारी. वट्यावरच सापडलीस, चुलीला पाठ लावून बसलेली. मी पोचले तोवर तुला घरी आणून ठेवलं होतं. आणि लाज वाटते सांगायला, पण तुझ्या तोंडाकडे पाहण्याआधी मी खिडकीतून येणाऱ्या उन्हात तुझ्या हाताची सावली कुणीकडे पडलीय ते पाहिलं. ती बरोबर पडली होती. तूच होतीस. मग मी रडले. आप्पा दारात उभे होते. त्यांनी मला सावली तपासताना पाहिलं होतं, आणि त्यांनीही आधी तेच केलं असणार, हे मला त्यांच्या डोळ्यांत दिसलं.

रविवारी, लोक जेवायला बसल्यावर, आप्पांनी मला गोठ्यामागं बोलावलं.

“ताई, तुमचं भांडान मिटलं का?”

मी म्हटलं, “तुम्हाला कुणी सांगितलं?”

“सांगाया कशाला लागतंय? बुधवारपास्नं काठी ऐकंना. बाईंना इचारलं तर म्हनल्या, मी बघती. चार दिस एकट्या बसून व्हत्या. घरी जायाला तयार न्हाईत. रडल्या, वरडल्या, सोताशीच भांडल्या. मी आन् संतोष बी भांडून बघितलं तंबाखूवरनं. आमचं भांडान शिळं झालंय, जागा धरीत न्हाई.” मग आवाज खाली आणून म्हणाले, “वहिवाटदारानं भांडान मिटवायचं नस्तं. पोरासोरांला पन ठावं हाय. बाईंनी ही चूक कशी केली, तेच उमजंना.”

मलाही उमजत नाही, अक्का. म्हणून तर हा सगळा संशय. चार दिवस तू एकटी त्या फटीपुढं बसलीस आणि त्यात तुझं हृदय थकलं. म्हणजे तू ते एक वाक्य बोललीस आणि त्यानं तू गेलीस. तुला हे होणार हे माहीत होतं. मग का बोललीस? जायची वेळ जवळ आली हे तुला कळलं होतं, आणि जाताना मला मोकळं करायचं होतं, म्हणून? की थकलीस, आणि थकलेलं माणूस जे करतं तेच केलंस, वाद नको म्हणून हो म्हणालीस? की, आणि हा संशय मला सगळ्यात जास्त छळतो, तू मला ओळखून होतीस? तुला माहीत होतं की तू हरलीस तर मला ते सहन होणार नाही. मी परत येईन. तुझ्या जागेवर येऊन बसेन. मला गळाला लावलंस का, अक्का?

कारण आप्पांनी शेवटी तेच विचारलं. “बाईंची जागा रिकामी हाय. तुमी बसता का?”

मी त्यांना तिथल्या तिथं नाही म्हटलं. म्हटलं, माझी बहीण तुमच्या वट्यानं खाल्ली. आप्पांनी टोपी काढून पुन्हा घातली. तेही मला संशयास्पद वाटलं. पण रविवारचा सोमवार झाला, मंगळवार झाला, आणि खिडकीत माझ्या तोंडात वाक्यं येत राहिली. सगळी तुलाच उद्देशून.

आज बुधवार. मी आलेय. हे मी वट्यावर बसूनच लिहितेय, मांडीवर पाट ठेवून.

आले तेव्हा काठीची सावली पार आडवी झाली होती, पांढरीकडे. चुलीजवळच्या मुंग्या एकाच रेषेत तिकडे चालल्या होत्या आणि पुढे जाऊन नव्हत्या. आप्पा आणि संतोष दोघं काठीला चिकटून बसलेले. संतोषचा आवाज बसला होता. मला बघून म्हणाला, “मावशी, लवकर बसा.” मी चूल पेटवली. चहा ठेवला. मग तुझ्या जागेकडे तोंड करून माझं नेहमीचं वाक्य म्हटलं, “अक्का, तू माझ्यासाठी नोकरी सोडलीस.”

सावली हलली नाही. कशी हलेल? ते वाक्य मी जिंकले होते. जिंकलेल्या बाजूला बोलायला काही राहत नाही. मी दुसऱ्यांदा म्हटलं, जोरात. तिसऱ्यांदाही म्हटलं, तरी ती आडवीच. आप्पांनी घोंगडं आवळून घेतलं आणि नदीकडे बघायला लागले.

तेव्हा मला कळलं की आपल्या भांडणाची एक बाजू ओस पडलीय, आणि ती माझी नव्हे. मी उठले. चुलीपाशी, तू बसायचीस तिथं, तुझ्यासारखी एक पाय दुमडून बसले. आणि माझ्या तोंडून, इतकी वर्षं शहरी बोलायची सवय झालेल्या माझ्या तोंडून, तुझी बोली आली. “मलाच नगं व्हती ती नोकरी. तुझ्यासाठी कशापायी सोडीन? एवढी कोण लागून गेलीस तू?”

सावली इतकुशी मागं आली.

मग मी थांबलेच नाही. तुझी बाजू घेऊन तुझ्याहून कडक भांडले. म्हटलं, दिवसभर कोंडून कोण बसंल त्या खिडकीत? मला उघडं आभाळ लागतं. म्हटलं, तू भित्री व्हतीस, सारखी माझ्या मागं मागं, पाठ सुटावी म्हून तुला लावली. तर आप्पा, आपले कधी न बोलणारे आप्पा, माझ्या जुन्या बाजूनं बोलायला लागले! “आवं बाई, थोरल्या बहिनीचं काळीज आसतं ते.” मी त्यांच्यावर खेकसले, “तुमाला काय ठावं?” संतोष रुमालाआडून हसला आणि लगेच झोपला, म्हणजे घोरायला लागला. मुंग्या वळल्या. काठीची सावली आता सरळ, पूर्वेकडे. मी लिहिता लिहिता मधूनमधून बघतेय.

रडतेय मी, अक्का, आणि तुझ्यावर चिडलेय, आणि तुझे आभार मानायचेत ते अजूनही मानता येत नाहीत. आता मानणारही नाही. तुझा डाव असेल तर तो तू जिंकलीस आणि डाव नसेल तरी मी इथं आहे. पण तू जाता जाता जे बोललीस ते खोटं होतं. मला गप्प करायला, मोकळं करायला, कशालाही असो, खोटंच होतं, आणि ते मी मान्य करणार नाही.

चूल विझत आलीय. आप्पांनी लाकूड बाहेर ओढलंय आणि माझ्याकडे बघतायत. उठायची वेळ झाली, आणि उठताना काय करायचं हे मला तूच शिकवलंस. पण एवढं ऐकून ठेव. ती नोकरी तू माझ्यासाठी सोडली नव्हतीस. कारण तसं असतं, अक्का, तर त्या दिवशी स्टोव्हपुढं बसून तू